वितळलेल्या फ्यूजची साक्ष

घरातील दिवे एकाएकी गेले आणि शेजारच्या घरी मात्र ते लखलखत असले, म्हणजे आपल्या मनात पहिली शंका येते ती फ्यूजची. पूर्वी घरोघरी चिनीमातीचे फ्यूज असत. ते उडाले की घरातील एखादे जाणते माणूस स्टुलावर चढून जळलेली तार काढी आणि तिच्या जागी नवी तार बसवी. त्यातही दोन प्रकारची माणसे असत. एक प्रकार विचारी, ‘तार का जळली?’ दुसरा प्रकार म्हणे, ‘मागची तार बारीक होती, आता चांगली जाड घालू, म्हणजे पुन्हा त्रास नको!’ या दुसऱ्या गृहस्थांच्या घरी फ्यूज पुन्हा उडत नसे हे खरे. परंतु एखाद्या दिवशी भिंतीतील तारच जळे. आज आपण बोलणार आहोत ते घराविषयी नव्हे, मोटारीविषयी. परंतु माणसांचे हे दोन प्रकार तेथेही भेटतात, आणि तेथे तारेच्या शेवटी दिवा नसून पेट्रोलची टाकी असते.

मोटारीत पेट्रोल टाकीकडून इंजिनाकडे नेणारा एक पंप असतो. प्रीमियर पद्मिनीसारख्या जुन्या गाडीत हा पंप इंजिनालाच चिकटवलेला असे आणि इंजिनाच्या फिरण्यानेच त्यातील पडदा खालीवर होऊन पेट्रोल ओढले जाई. त्याला विजेची गरज नव्हती, म्हणून त्याला फ्यूजही नव्हता. पुढे कार्ब्युरेटर गेला आणि पेट्रोलचा फवारा मोजून सोडणारी इंजेक्शन पद्धत आली. आपल्याकडे 2000 सालच्या सुमारास मारुती 800 सारख्या सामान्य माणसाच्या गाडीतही ती रूढ झाली. या पद्धतीला पेट्रोल चांगल्या जोराने लागते. नेहमीच्या पेट्रोल इंजिनात हा दाब वातावरणाच्या दाबाच्या तिप्पट-चौपट असतो. तेवढा दाब देण्यासाठी विजेवर चालणारा पंप आला आणि त्याला टाकीच्या आत, पेट्रोलमध्येच बुडवून बसविण्यात आले. भोवतीच्या पेट्रोलने तो थंड राहतो आणि त्याच्या फिरत्या भागांना वंगणही मिळते.

या पंपापर्यंत वीज कशी पोहोचते, ते पाहू. बॅटरीतून निघालेला प्रवाह प्रथम फ्यूजमधून जातो. तेथून तो रिले नावाच्या विजेच्या बटणाकडे येतो. गाडीतील संगणक आज्ञा देईल तेव्हा रिले मिटतो आणि प्रवाह पुढे, गाडीच्या तळातून मागच्या टाकीकडे जाणाऱ्या तारेत शिरतो. पंप फिरवून तो गाडीच्या धातूच्या अंगातून बॅटरीकडे परततो. चावी फिरवली की बहुतेक गाड्यांत संगणक पंपाला सुमारे दोन सेकंद चालवतो आणि नळीत दाब भरून घेतो. त्यानंतर इंजिन फिरू लागल्याची खूण मिळाली तरच तो पंप चालू ठेवतो, नाही तर बंद करतो. अपघातात इंजिन थांबले असता पंप पेट्रोल ओतत राहू नये, हा त्यामागील हेतू.

या साखळीत फ्यूज ही सर्वांत दुबळी कडी आहे, आणि ती हेतुपुरस्सर दुबळी ठेवलेली असते. शाळेच्या पुस्तकात तिला ‘वितळतार’ म्हणतात, ते नाव मोठे समर्पक आहे. मोटारीत आज जे दोन चपट्या पायांचे रंगीत प्लॅस्टिकचे फ्यूज दिसतात, ते 1976 मध्ये अमेरिकेतील लिटलफ्यूज या कंपनीने मोटारींसाठी आणले. त्यांच्या आत बहुधा जस्ताची बारीक पट्टी असते. प्रवाह ठरलेल्या मर्यादेत असेपर्यंत ती पट्टी सुखाने तो वाहू देते. मर्यादा चांगलीच ओलांडली गेली की तापून वितळते आणि वाट बंद होते. प्रवाह मर्यादेच्या दुप्पट झाला, तर साधारणतः पाच सेकंदांच्या आत तिचा निकाल लागतो. रंगावरून तिची शक्ती ओळखता येते. तांबडा म्हणजे 10 ॲम्पिअर, निळा 15, पिवळा 20, पारदर्शक वा पांढरा 25 आणि हिरवा 30. आकडाही माथ्यावर कोरलेला असतो.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे. फ्यूज पंपाला वाचवण्यासाठी आहे असा सर्वसाधारण समज असतो. वस्तुतः तो वाचवतो तारेला. फ्यूजचा आकडा ठरतो तो तार किती प्रवाह निर्धोकपणे वाहू शकेल यावरून. तारेत उत्पन्न होणारी उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते, हा ज्यूलचा नियम आपण शिकलो आहोत. म्हणजे ज्या तारेसाठी 15 ॲम्पिअरचा फ्यूज योजलेला आहे, तिच्यातून 30 ॲम्पिअर वाहू दिले, तर उष्णता दुप्पट न होता चौपट होते. बॅटरी अवघी 12 व्होल्टची, तिची कसली भीती, असे कोणी म्हणेल. परंतु तिचा धन आणि ऋण यांची थेट गाठ पडली, तर ती शेकडो ॲम्पिअर ओतू शकते. तेवढ्या प्रवाहात तारेवरील प्लॅस्टिकचे आवरण काही क्षणांतच वितळून पेट घेऊ शकते.

आता प्रत्यक्ष प्रसंगाकडे वळू. पंपाचा फ्यूज धावत्या गाडीत उडाला, तर इंजिन क्षणभर आचके देते वा एकदम बंद पडते. अशा वेळी पहिला विचार फ्यूजचा नव्हे, जिवाचा करावा. इंजिन थांबले की स्टिअरिंग जड होते. ब्रेकला मिळणारे साहाय्यही एक-दोन वेळा पॅडल दाबल्यावर संपते. म्हणून ब्रेक पुनःपुन्हा दाबू-सोडू नये. एकदाच भक्कम दाबून गाडी रस्त्याच्या कडेला आणावी. चावी काढून घेऊ नये, नाही तर स्टिअरिंग कुलूपबंद होईल. पावसाळ्यात बेळगावहून चोर्ला घाटाने पणजीकडे जाणाऱ्या आपल्या वाचकांना निराळे सांगावयास नकोच, की वळणावर थांबलेली गाडी ही मागून येणाऱ्याला शेवटच्या क्षणी दिसते. गाडी थांबली की चारही इशारादिवे लावावेत, हँडब्रेक ओढावा, मुलाबाळांना रस्त्यापासून दूर सुरक्षित जागी उभे करावे आणि लाल त्रिकोण पुरेसा मागे ठेवावा.

मग निदान. सर्वांत आधी नाकाने तपास करावा. पेट्रोलचा उग्र वास येत असेल, तर पुढचे काही करू नये; चावी बंद करून गाडीपासून दूर व्हावे आणि मदत बोलवावी. वास नसेल, तर टाकीत पेट्रोल आहे ना, ते पाहावे. हे हास्यास्पद वाटेल, परंतु काटा बिघडलेला असल्यामुळे कोरड्या टाकीवर तासभर खटपट करणारे लोक कमी नाहीत. मग चावी लावून स्टार्टर मारावा. इंजिन फिरतच नसेल, नुसती टिकटिक होत असेल, तर दोष बॅटरीकडचा आहे. इंजिन जोमाने फिरते पण पेट घेत नाही, असे असेल तर मात्र पेट्रोल वा ठिणगी यांपैकी काहीतरी पोहोचत नाही. स्टार्टर एका वेळी दहा सेकंदांहून अधिक मारू नये. त्याने बॅटरी मात्र रिकामी होते. पाटीवर चावीच्या चित्राचा दिवा लुकलुकत असेल, तर चोरीपासून रक्षण करणाऱ्या यंत्रणेने चावी ओळखलेली नाही. तेथे फ्यूज बदलून उपयोग नाही.

आता कानाची परीक्षा. रेडिओ, पंखा सर्व बंद करावे, एकाला मागच्या बाकाशी कान देऊन बसवावे आणि दुसऱ्याने स्टार्टर न मारता चावी फक्त पुढे फिरवावी. पंप ठीक असेल तर मागून दोन सेकंद ‘घूंऽ’ असा मंद आवाज येतो आणि थांबतो. काही नव्या गाड्यांत दार उघडतानाच हा आवाज होऊन जातो. आवाज आला, तर फ्यूज शाबूत आहे असे समजून दोष अन्यत्र शोधावा. आवाज मुळीच आला नाही, तर फ्यूज, रिले, तार आणि पंप या चौघांपैकी एकावर संशय जातो. चौघांत स्वस्त आणि तपासावयास सोपा फ्यूज; म्हणून आरंभ त्याच्यापासून करावा.

गाडीत बहुधा फ्यूजच्या दोन पेट्या असतात. एक बॉनेटखाली बॅटरीजवळ, दुसरी चालकाच्या गुडघ्याजवळ. पेटीच्या झाकणाच्या आतल्या बाजूस वा गाडीबरोबर मिळालेल्या पुस्तिकेत नकाशा असतो. त्यात पेट्रोल पंपाचे चित्र म्हणून पंपावरील यंत्राची आकृती वा ‘एफ. पी.’ सारखी अक्षरे असतात. काही गाड्यांत पंपाला स्वतंत्र फ्यूज नसून तो इंजेक्शनच्या वा इग्निशनच्या फ्यूजवर असतो, म्हणून पुस्तिका पाहिल्याखेरीज अंदाजाने फ्यूज उपटू नयेत. चावी बंद करावी, पेटीतच ठेवलेल्या छोट्या प्लॅस्टिकच्या चिमट्याने फ्यूज सरळ वर ओढावा आणि उजेडात धरून पाहावा. आतील पट्टी अखंड दिसली तर तो चांगला असण्याचा संभव अधिक; परंतु डोळे कधी फसतात. केसाएवढी चीर दिसत नाही. फ्यूजच्या माथ्यावर धातूचे दोन उघडे बिंदू असतात. फ्यूज जागेवर असताना, वर सांगितल्याप्रमाणे चावी पुढे करून, टेस्ट लॅम्पची एक बाजू गाडीच्या धातूला जोडावी व टोक आळीपाळीने दोन्ही बिंदूंना लावावे. दिवा दोन्हीकडे लागला तर फ्यूज शाबूत. एकीकडेच लागला तर उडालेला. दोन्हीकडे लागला नाही, तर फ्यूजपर्यंत वीजच येत नाही. मल्टिमीटर असेल तर काढलेल्या फ्यूजच्या दोन पायांत वाट अखंड आहे की नाही, ते क्षणात कळते.

उडालेला फ्यूज हाती आला की तो लगेच फेकून देण्याचा मोह होतो. तसे करू नये. तो या प्रकरणातील साक्षीदार आहे आणि त्याच्या मुद्रेवर बरेच काही लिहिलेले असते. खिडकी आतून काळवंडली असेल, पट्टीचा मोठा भाग नाहीसा होऊन धातूचे शिंतोडे उडाले असतील, तर प्रचंड प्रवाह एकदम वाहिला. म्हणजे बहुधा कोठेतरी उघडी तार गाडीच्या अंगाला टेकली. खिडकी स्वच्छ असून पट्टी मधोमध वितळून दोन टोके अलग झाली असतील, तर प्रवाह मर्यादेपेक्षा थोडाच अधिक पण बराच वेळ वाहत होता; म्हणजे पंप जड चालत असावा. पायांजवळचे प्लॅस्टिकच तपकिरी होऊन वितळले असेल, तर फ्यूजची बैठक सैल झालेली आहे आणि उष्णता तेथेच निर्माण होत आहे. ही लक्षणे म्हणजे अखेरचा निकाल नव्हे. परंतु ती कारागिराला सांगितली, तर त्याचा अर्धा दिवस वाचतो.

नवा फ्यूज बसवताना दोन गोष्टी जुळल्या पाहिजेत: आकडा आणि आकार. 15 च्या जागी 15, 20 च्या जागी 20. जवळ फाजील फ्यूज नसेल, तर त्याच आकड्याचा व आकाराचा एखादा फ्यूज रेडिओच्या किंवा सिगारेट पेटवण्याच्या खोबणीच्या जागेवरून उसना घ्यावा. दिव्यांचा, वायपरचा किंवा ब्रेकचा मात्र घेऊ नये. तो खोल दाबून बसवावा आणि चावी पुढे करून पुन्हा कान द्यावा.

आता तीन शक्यता. पहिली, पंपाचा आवाज आला, गाडी सुरू झाली आणि फ्यूज टिकला. मग प्रवास करावा, परंतु त्याच दिवशी वा दुसऱ्या दिवशी गाडी कारागिराकडे न्यावी. जुना फ्यूज वर्षानुवर्षांच्या तापण्या-थंडावण्याने थकूनही जातो. पण ते कारण इतर कारणे तपासून झाल्यावरच मानावे. दुसरी, फ्यूज टिकला परंतु पंप मुकाच राहिला. मग रिलेचा संशय घ्यावा. हॉर्नचा रिले अनेकदा अगदी त्याच क्रमांकाचा असतो. तसा असेल तर दोहोंची अदलाबदल करून पाहता येते. फोर्डच्या काही गाड्यांत धक्का बसताच पंपाची वीज तोडणारे एक बटणही असते; पुस्तिकेत त्याची जागा दिलेली असते. तिसरी शक्यता, नवा फ्यूजही तत्काळ उडाला. येथे थांबावे. एकदा उडालेला फ्यूज म्हणजे सूचना. दुसरा उडाला म्हणजे निर्वाणीची ताकीद. तिसरा बसवून पाहणे हे धैर्य नव्हे.

दोष कोठे असतो, हे कारागीर कसा शोधतो, तेही जाणून घेणे हितावह आहे, कारण मग त्याने काय केले हे आपल्याला विचारता येते. तो टाकीजवळील पंपाची जोडणी सोडवतो आणि नवा फ्यूज बसवून वाट चालू करतो. पंप अलग असतानाही फ्यूज उडाला, तर दोष फ्यूजपासून जोडणीपर्यंतच्या तारेत. न उडाला, तर दोष पंपात वा जोडणीच्या पलीकडे. पंप चालत असेल, तर तो त्याने घेतलेला प्रवाह मोजतो. सामान्य गाडीतील निरोगी पंप साधारण 4 ते 8 ॲम्पिअर घेतो. आकडा त्याहून बराच चढलेला असेल, तर पंपाचे दिवस भरत आले आहेत. तार दोषी ठरली, तर ती कोठे घासली, हे हाताने माग काढीत पाहावे लागते. बाकाच्या लोखंडी पट्टीखाली चेपलेली, टाकीच्या कडेला घासलेली, किंवा उंदरांनी कुरतडलेली तार, ही नेहमीची उदाहरणे. बाहेरून बसवलेला भोंगा, कर्णा वा चोरघंटा यांसाठी कोणी पंपाच्याच तारेला जोड दिला आहे काय, हेही पाहावे.

आणि पंप का जड होतो? बहुतेक वेळा आपल्याच सवयीने. काटा तळाला जाईपर्यंत गाडी पिटाळणारे पुष्कळ असतात. पंपाला थंड ठेवणारे पेट्रोल कमी झाले की तो तापतो आणि तळाचा गाळ ओढतो. चोंदलेल्या गाळणीतून दाब देण्यासाठी त्याला अधिक श्रम पडतात आणि तो अधिक प्रवाह मागतो. म्हणून टाकी पावाहून खाली जाऊ न देणे आणि गाळणी कंपनीने सांगितलेल्या अंतरावर बदलणे, हाच फ्यूजवरील खरा उपाय. सी.एन.जी.वर गाडी चालवणाऱ्यांनीही पेट्रोलची टाकी कोरडी ठेवू नये.

श्रोते हो, आता ज्यासाठी हे सारे सांगितले, ते. रस्त्याच्या कडेला अडकलेल्या माणसाला घाई असते. अशा वेळी कोणीतरी परोपकारी मनुष्य पुढे येतो आणि सिगारेटच्या पाकिटातील चंदेरी कागद गुंडाळून, वा तांब्याची तार वाकवून, फ्यूजच्या जागी खोचून देतो. किंवा म्हणतो, ‘15 चा टिकत नाही ना? 30 चा घाला!’ गाडी सुरू होते, आणि त्या माणसाचे आभार मानून आपण निघतो. पण काय झाले ते पाहा. दोष होता तेथेच आहे. तो सांगणारा पहारेकरी मात्र आपण हाकलून दिला. आता जास्तीचा प्रवाह फ्यूजऐवजी तारेला तापवणार, आणि ती तार गालिच्याखालून, बाकाखालून, माणसांच्या पायांखालून टाकीकडे जाते. उद्या ती जोडणी तापून वितळली, तर आग लागण्याची जागा गाडीतील सर्वांत वाईट जागा असेल. चार-पाच रुपयांच्या वस्तूवरून हा धोका घेण्याचे कारण नाही. तशी तात्पुरती सोय करून देणाऱ्याचा हेतू चांगला असतो. परंतु तिला नम्रपणे नकार द्यावा आणि गाडी ओढून न्यावी.

एक अपवाद सांगितला पाहिजे. विजेवर चालणाऱ्या वा दुहेरी शक्तीच्या गाड्यांत नारिंगी रंगाच्या जाड तारा असतात. त्यांतील दाब शेकडो व्होल्टचा असून प्राणघातक आहे. तेथे आपण हात घालू नये. डिझेलच्या गाड्यांची रचनाही निराळी. काहींच्या टाकीत विजेचा पंप असतो, काहींच्या नसतो. त्यांच्या पुस्तिकेलाच गुरू मानावे.

तेव्हा आजच गाडीची पुस्तिका काढून पंपाच्या फ्यूजचे स्थान आणि आकडा पाहून ठेवावा. त्या आकड्याचे दोन फ्यूज, एक टेस्ट लॅम्प आणि एक बॅटरीचा दिवा एवढे सामान एका डबीत घालून गाडीत ठेवावे. आणि फ्यूज कधी उडालाच, तर त्याच्यावर रागावू नये. त्याने आपले काम चोख केलेले असते. नवा बसवण्यास पाच मिनिटे लागतात. जुना का उडाला, ते विचारण्यास थोडा अधिक वेळ लागतो, आणि गाडीत बसणाऱ्यांची सुरक्षितता त्या दुसऱ्या कामावर अवलंबून असते.